बासरी ही पाहुणे येईपर्यंतची सोय नव्हे

मा. संपादक,
स. न. वि. वि.

दहावी-बारावीचे निकाल लागले की वृत्तपत्रांच्या पुरवण्यांत करिअरची पानं सुरू होतात. 'छंदातून करिअर' अशी एखादी चौकट त्यात असतेच. गाणं असतं, तबला असतो, हल्ली साउंड इंजिनिअरिंगही असतं. बासरी आलीच तर एका ओळीत आटोपते: शिकायला सोपी, खर्च कमी. दोन्ही गोष्टी अर्ध्याच खऱ्या आहेत. या अर्ध्या खरेपणावर विसंबून सांगली-साताऱ्यातली बरीच मुलं बासरी हातात घेतात आणि वर्षाच्या आत ती कपाटावर जाते. जी टिकतात त्यांना पुढे कळतं की गावातल्या कार्यक्रमांत बासरीचं काम पाहुणे आसनस्थ होईपर्यंत सभागृहात सुगंध पसरवण्याचं, म्हणजे उदबत्तीचं. या दोन्ही गोष्टींवर थोडं तपशिलात लिहायचं आहे. पत्र लांबलं आहे. कात्री लावावी लागली तर आमची मतं कापा, मापं ठेवा.

आधी खर्चाचं. जत्रेत काठीला खोचून विकायला येणारी बासरी आणि मैफलीतली बासरी यांचं नातं नावापुरतं. मैफलीची बासरी बहुतेक वेळा पांढरी तीनची असते, म्हणजे तिचा षड्ज (सा) पेटीच्या तिसऱ्या पांढऱ्या पट्टीशी जुळतो. लांबी २९ ते ३० इंच, एक फुंकरीचं छिद्र आणि बोटांची सहा. एवढी लांबी बांबूच्या एका पेरात मिळावी लागते, भिंत पातळ लागते आणि पोकळी आतून गोल लागते. आपल्या सह्याद्रीतला मानवेल भरीव, जाड भिंतीचा. त्याची काठी फर्मास होते, बासरी होत नाही. लांब पेराचा पातळ बांबू आसामातून येतो. उत्तर प्रदेशातल्या पिलीभीतचा बासरीचा धंदासुद्धा त्याच बांबूवर चालतो. मिरजेच्या सतारीला आणि तंबोऱ्याला २०२४ साली भौगोलिक मानांकन मिळालं, तिथं तंबोऱ्याची जवारी काढणारा (तारांखालची घोडी घासून झंकार जुळवणारा) हात गल्लीत सापडतो. पण त्याच मिरजेतल्या मुलाला पांढरी तीनची चांगली बासरी बहुधा कुरिअरनंच मागवावी लागते. सतारीच्या मानानं ती स्वस्त खरी, पण डोळे झाकून घेतली तर दोनदा घ्यावी लागते.

बासरी हातात आली की दहा-पंधरा मिनिटं वाजवून गरम करावी आणि मग मोबाइलच्या ट्यूनरवर षड्ज पाहावा. षड्ज जुळला म्हणून खूश होऊ नये. मंद्र पंचम आणि मध्य पंचम, मध्य षड्ज आणि तार षड्ज, या जोड्या तपासाव्यात (मंद्र म्हणजे खालचं सप्तक, मध्य मधलं, तार वरचं). बोटं तीच, फक्त फुंकर वेगळी, तरी जोडीतला एक सूर बरोबर आणि दुसरा चढा किंवा उतरा येत असेल तर एक तर बूच सरकलेलं आहे, नाही तर पोकळीच बिघडलेली आहे. बूच फुंकरीच्या छिद्राच्या मध्यापासून साधारण पोकळीच्या व्यासाइतकं मागे असतं. ते एक-दोन मिलिमीटर इकडे-तिकडे करून फरक पडतो का बघता येतं. पोकळीवर इलाज नाही. बासरी परत पाठवावी. फुंकरीच्या छिद्राची कड नखानं चाचपावी. ती धारदार नको आणि बोथटही नको. घरी बसून ब्लेडनं ती 'सुधारायला' गेलेल्या बासऱ्या पुन्हा बोलत नाहीत.

बासरी पडून फुटते त्यापेक्षा सुकून जास्त फुटते. एप्रिलमधली सांगली, मोटरसायकलची डिकी, त्यानंतर एसी सभागृह, एवढं एका दिवसात घडलं की चीर ठरलेली. ती बांबूच्या धाग्याच्या दिशेनं, बहुधा टोकाकडून नाही तर फुंकरीच्या छिद्राजवळून निघते. चीर केसाएवढी असतानाच तिच्यावर दोन-तीन ठिकाणी साध्या दोऱ्याचे अर्धा-अर्धा इंच रुंद घट्ट वेढे घालावेत (काचेचा मांजा नको), वेढ्यांवर पातळ फेव्हिक्विक सोडावं आणि ते आत ओघळू देऊ नये. आतल्या पृष्ठभागावर गोंदाचा थेंब वाळला तर सुराला कायमची खरखर राहते. तेल महिना-दोन महिन्यांतून एकदा, काडीला गुंडाळलेल्या कापडानं, आतून. मोहरीचं किंवा बदामाचं चालतं. खोबरेल नको, साताऱ्याच्या थंडीत ते आत थिजून बसतं. पावसाळ्यात उलटा त्रास होतो. वाजवून झाल्यावर आत राहिलेली वाफ पुसली नाही आणि बासरी तशीच प्लास्टिकच्या नळीत ठेवली की आठवड्यात बुरशी. कृष्णेला २०१९ आणि २०२१ ला पूर आले तेव्हा नदीकाठच्या घरांत जे भिजलं त्यात वाद्यंही होती. भिजलेला बांबू उन्हात ठेवून वाळवू नये, सावलीत आडवा ठेवावा, अधूनमधून फिरवावा आणि आशा मात्र फार ठेवू नये.

आता 'सोपी' या शब्दाकडे. अकरा-बारा वर्षांखालच्या मुलाच्या हातात पांढरी तीन देऊ नये. उजव्या हाताची अनामिका सहाव्या छिद्रापर्यंत पोचतच नाही, मूल मनगट वाकवून ती ओढतं आणि वर्षभरानं कोपर दुखायला लागतं. त्या वयाला पांढरी पाच, साधारण दोन फुटांची, नाही तर त्याहून आखूड पांढरी सहा. मोठ्या बासरीवर छिद्र बोटाच्या टोकानं नव्हे, टोकाच्या मागच्या पेराच्या मांसल भागानं झाकायचं असतं. छोट्या बासरीची सवय घेऊन आलेली मुलं इथं अडतात. सहा महिने झाले तरी मंद्र पंचम लागत नाही, अशी तक्रार पालक घेऊन येतात आणि दोष फुंकरीला देतात. फुंकर नव्हे, बोट गळत असतं. शोधायची रीत सोपी आहे. सगळी छिद्रं उघडी ठेवून वरून एकेक बोट ठेवत खाली यायचं, प्रत्येक सुरावर चार सेकंद थांबायचं. ज्या बोटापाशी सूर फाटतो किंवा शिट्टी होऊन वर उडतो, ते बोट गळतंय. बहुतेक वेळा ते डाव्या हाताची अनामिका निघते. लक्ष सगळं उजव्या हाताकडे, आणि चोर डावीकडे.

पहिल्या महिन्यात चक्कर येते. ओठांतली फट मोठी असल्यानं निम्मी हवा वाया जाते आणि मूल जोरजोरात श्वास घेत राहतं. पाच मिनिटं वाजवून दोन मिनिटं थांबावं, एवढाच उपाय; फट लहान झाली की चक्कर जाते. दातांना तारा बसवणार असतील तर आधी शिक्षकांना सांगावं, कारण ओठ पुढे ढकलला जातो आणि फुंकरीचा कोन नव्यानं बसवावा लागतो. आणि मोठ्या मुलांसाठी, आपल्या भागाचा विचार करून स्पष्ट लिहितो: मावा तोंडात ठेवणाऱ्याची फुंकर टिकत नाही. ओठाच्या आतली कातडी जाड होते, लाळ नको तेव्हा येते आणि सुरात थुंकी ऐकू येते.

यापुढे एक गोष्ट आहे जी परीक्षेच्या अभ्यासक्रमात कुठे सांगितलेली नसते. पांढरी तीनच्या बासरीवर वरची तीन छिद्रं झाकली की षड्ज, दोन झाकली की रिषभ, एक झाकलं की गांधार, सगळी उघडी की तीव्र मध्यम. चार झाकली की मंद्र निषाद, पाच झाकली की धैवत, सहाही झाकली की पंचम. म्हणजे यमनाचे सातही सूर पूर्ण छिद्रांवर येतात आणि शुद्ध मध्यमाला मात्र पहिलं छिद्र अर्धं उघडावं लागतं. पेटीवर मूल बिलावलच्या, म्हणजे सगळ्या शुद्ध सुरांच्या, अलंकारांनी सुरुवात करतं. बासरीवर तेच अलंकार पहिल्याच आठवड्यात अर्ध्या छिद्राशी झटापट करायला लावतात. मूल मध्यमावर बेसूर होतं, घरचे म्हणतात याला सूर नाही. आधी भूप वाजवायला द्या. त्यात अर्धं छिद्र एकही नाही. मग यमन, आणि मग मध्यम बसवण्यासाठी दुर्गा. कोमल रे, ग, ध, नी चारही अर्ध्या छिद्रांचे, त्यामुळे भैरवी आणि तोडी तिसऱ्या-चौथ्या वर्षाचं काम. स्नेहसंमेलनासाठी भैरवीची धून पहिल्या वर्षी बसवून घेणारे शिक्षक त्या मुलाचे कान बिघडवतात, असं आमचं मत आहे आणि ते कापलं तरी चालेल.

तीव्र मध्यमावरून पंचमावर जायचं म्हणजे सगळी उघडी बोटं एकदम खाली यायला हवीत. एक बोट क्षणभर मागे राहिलं की मध्येच चिमणी चिवचिवल्यासारखा सूर निसटतो. आणि या दोन सुरांत मींड घ्यायची, म्हणजे न तुटता एकावरून दुसऱ्यावर सरकायचं, तर वाटच नाही, कारण एका टोकाला सगळी छिद्रं उघडी आणि दुसऱ्या टोकाला सगळी बंद. पन्नालाल घोष (१९११–१९६०) यांनी साधारण ३२ इंचांची लांब बासरी मैफलीत आणली आणि खाली करंगळीचं सातवं छिद्र जोडलं ते याच अडचणीपायी. सातवं छिद्र झाकलं की खालून तीव्र मध्यम मिळतो, करंगळी हळूहळू उचलली की तो सरकत पंचमावर जातो. सगळे वादक सातवं छिद्र वापरत नाहीत. पण बासरीवर ख्यालाची आलापी व्हायला किती बारीक गोष्ट आड येत होती, ते यावरून कळावं.

रियाजाचं मोजमाप तासांत करू नये. सकाळी मंद्र पंचमावर वीस मिनिटं, एका श्वासात एक सूर, घड्याळ समोर ठेवून. नवशिक्याचा सूर सहा-आठ सेकंदांत थरथरतो. वीस सेकंद तो एका जागी उभा राहिला की विलंबित, म्हणजे संथ लयीतलं वादन, घ्यायला हरकत नाही. विलंबित एकतालात एकेक मात्रा चार सेकंदांची धरली तरी आवर्तन अठ्ठेचाळीस सेकंदांचं होतं, म्हणजे मध्ये तीन-चार ठिकाणी श्वास घ्यावाच लागतो. तो कुठे घ्यायचा हे बंदिशीच्या शब्दांवरून ठरतं, म्हणून बासरीवाल्यानं बंदिश आधी गाऊन पाठ करावी. सांगली-साताऱ्यात बासरीचे शिक्षक मोजके आणि गाण्याचे भरपूर. ही अडचण नाही, उलट सोय आहे. फुंकर आणि बोटं बासरीवाल्याकडे, राग गवयाकडे, असं दोन घरी शिकलेलं मूल अधिक लांब जातं. अब्दुल करीम खाँसाहेब (निधन १९३७) ज्या मिरजेच्या दर्ग्याच्या आवारात विसावले तिथल्या उरुसातलं गाणं, किंवा अनंत मनोहर जोशी यांनी १९४० साली सुरू केलेला औंधचा उत्सव, हे रात्रभर ऐकणं शिकवणीइतकंच मोलाचं. समेवर (आवर्तनाच्या पहिल्या मात्रेवर) येताना श्वास संपलेला असणं म्हणजे काय आणि तो राखून समेवर येणं म्हणजे काय, हे तिथं बसूनच कळतं.

पोट कशावर भरतं, हा खरा प्रश्न. एकट्या मैफलींवर नाही, हे सरळ सांगितलेलं बरं. हरिप्रसाद चौरसियांसारखा वादकही १९५७ साली कटकच्या आकाशवाणीत नोकरीला लागला होता. पुढे मुंबईत सिनेसंगीतानं आधार दिला. पन्नालाल घोष यांनी मुंबईत चित्रपटांसाठी काम केलं आणि १९५६ पासून दिल्लीच्या आकाशवाणीत. म्हणजे मागे महिन्याचा पगार किंवा स्टुडिओचं काम होतं. आज स्टुडिओत बासरीचा तुकडा कीबोर्डातून निघतो, आणि आकाशवाणीतली वादकाची कायम जागा ही कल्पना मनातून काढावी. राहिला तो ऑडिशनचा मार्ग. सांगलीला आकाशवाणी केंद्र आहे. श्रेणी चार: बी, बी हाय, ए आणि टॉप. श्रेणी मिळाली की अधूनमधून ध्वनिमुद्रणाचं बोलावणं येतं आणि मानधन श्रेणीनुसार मिळतं. त्यापेक्षा मोठा फायदा म्हणजे पुढच्या प्रत्येक अर्जावर ती श्रेणी लिहिता येते. ऑडिशनला मुलं पडतात ती बहुधा स्वतःच्या रागांच्या यादीनं. छाप पडावी म्हणून दरबारी, मियाँ मल्हार लिहितात. यादीतला कुठलाही राग विचारला जाऊ शकतो, आणि मियाँ मल्हारातले दोन निषाद अर्ध्या छिद्रावर डोलवताना हात कापतो. जे राग अर्धा तास वाजवता येतात तेवढेच लिहावेत.

परीक्षांबद्दल थोडक्यात. अखिल भारतीय गांधर्व महाविद्यालय मंडळाच्या (स्थापना १९३१) परीक्षा प्रारंभिकपासून विशारद पूर्णपर्यंत सात, पुढे अलंकार. विशारद झाल्यानं शाळेत, वर्गात शिकवायला आधार होतो. मैफल मिळत नाही. दहावीला या परीक्षांचे वाढीव गुण असतात, ते पदरात पडले की निम्मा वर्ग रिकामा होतो. यात मुलांचा दोष नाही.

शिष्यवृत्त्या आहेत आणि त्यांचे अर्ज आपल्या भागातून फार कमी जातात. दहा ते चौदा वयाच्या मुलांसाठी सीसीआरटीची, म्हणजे केंद्र सरकारच्या सांस्कृतिक प्रशिक्षण केंद्राची. अठरा ते पंचवीस वयासाठी केंद्रीय संस्कृती मंत्रालयाची, दोन वर्षं महिना ५,००० रुपये. पंचवीस ते चाळीससाठी त्याच मंत्रालयाची ज्युनिअर फेलोशिप, दोन वर्षं महिना १०,०००. जाहिरात निघाली की त्या वर्षीच्या अटी वाचूनच अर्ज भरावा. गुरूंचं पत्र, वाजवलेल्या कार्यक्रमांचे पुरावे, वर्तमानपत्रांतली कात्रणं, हे सगळं लागतं. कात्रणांवर शेवटी पुन्हा येतो.

महिन्याचा किराणा भरतो तो शिकवण्यांतून आणि साथीतून. शिकवणीत वर्ग आठ मुलांचा असेल तर आठही बासऱ्या एकाच पट्टीच्या, शक्यतो एकाच कारागिराच्या घ्याव्यात. नाही तर वर्गात आठ षड्ज होतात आणि कुणालाच आपला सूर ऐकू येत नाही. ऑनलाइन शिकवताना फोन आणि संगणक लांब टिकवलेला सूर गोंगाट समजून गिळून टाकतात. सूर सुरू होतो, दोन सेकंदांत विरतो, आणि शिक्षक मुलाला दम कमी म्हणून रागावतात. झूमवर 'ओरिजिनल साउंड' चालू केलं, नॉइज सप्रेशन बंद केलं की तोच दम दुप्पट होतो.

साथीसाठी एक बासरी पुरत नाही. पुरुष गायक काळी एक किंवा पांढरी दोन, बायका काळी चार-पाच. भजनी मंडळात ऐन वेळी पट्टी बदलते. म्हणून साथीवाल्याच्या पिशवीत बारा-पंधरा बासऱ्या दिसतात. तरी एखादी पट्टी हुकते. तेव्हा पांढरी तीनवरच सहा छिद्रं बंद ठेवून तिथं षड्ज धरला की पांढरी सात मिळते, रिषभाला षड्ज मानलं की काळी तीन. सगळा अर्ध्या छिद्रांचा हिशोब मात्र बदलतो. पांढरी सातला बिलावल सरळ येतो आणि यमनला अर्धं छिद्र लागतं, अगदी उलट. साथीचं करिअर करायचं तर हे दोन-तीन हिशोब हातात मुरलेले हवेत. ज्याला ते येतं त्याला सांगली, कराड, सातारा, कोल्हापूर या पट्ट्यात भावगीतं, नाट्यगीतं, कीर्तनं, कॉलेजांचे युवा महोत्सव यांतून बारमाही नसलं तरी बरंच काम मिळतं.

आता कार्यक्रम ठेवणाऱ्यांना. तंबोरा आणि तबला बासरीप्रमाणे लावायचे असतात, बासरी त्यांच्याप्रमाणे लावता येत नाही. हवेचं तापमान एक अंशानं उतरलं की बासरीचा सूर साधारण तीन सेंटनं उतरतो; दहा अंशांनी उतरलं की तीसच्या आसपास, आणि अख्खा अर्धस्वर शंभर सेंटचा. साताऱ्यात जानेवारीत उघड्यावर रात्री नऊचा कार्यक्रम असेल तर दुपारी सभागृहात जुळवलेली इलेक्ट्रॉनिक तंबोऱ्याची पट्टी रात्री खोटी ठरते. वादकाच्या फुंकरीनं आतली हवा थोडी तापते म्हणून आधी दहा मिनिटं बासरी वाजू द्या, मग तिच्यावर तंबोरा, मग तंबोऱ्यावर तबला. तबलजीला पट्टी दोन दिवस आधी कळवा. घरातला काळी एकचा तबला ओढून पांढरी तीनवर नेला की आवाज दबतो, नाही तर पुडी (तबल्यावरचं कातडं) फाटते, आणि ती बहुधा पहिल्याच तिहाईला फाटते.

उन्हाळ्यात कलाकाराची काळजी म्हणून स्टँडचा पंखा थेट त्याच्या तोंडावर सोडतात. बासरीचा सूर म्हणजे ओठांपासून छिद्राच्या कडेपर्यंतची हवेची बारीक पट्टी. पंख्याचा झोत ती उडवून लावतो आणि सूर पोकळ होतो. पंखा पाठीमागे किंवा तबलजीकडे वळवा. माइक फुंकरीच्या छिद्राच्या समोर नको, किंचित वर आणि बाजूला, सहा ते आठ इंचांवर; समोर ठेवला तर फुंकरीचा झोत थेट त्यावर आदळतो आणि सभागृहात सूर कमी, फूफू जास्त ऐकू येतं. मिक्सरवर लो-कट १२० हर्ट्झच्या आसपास लावायला हरकत नाही, कारण पांढरी तीनचा मंद्र पंचमसुद्धा २४७ हर्ट्झच्या वर-खालीच असतो. खालचा घुमाराच तेवढा जातो. रिव्हर्ब थोडा. देवळात असल्यासारखं वाटायला हवं म्हणून बटण पूर्ण फिरवणारे साउंडवाले दोन तानांचा शिरा करून ठेवतात.

आणि वेळ. दीपप्रज्वलनाआधी वीस मिनिटं, स्टेजवर फुलं लावणं चालू, समोर खुर्च्या ओढल्या जातायत, 'तुमचं चालू द्या' असा हाताचा इशारा. वीस मिनिटांत पाच मिनिटं सूर जुळण्यात गेली की राहिलं काय? धून. बासरीवाले नुसत्या धुना वाजवतात असं मग आपणच म्हणतो. कार्यक्रम द्यायचा असेल तर सलग पाऊण तास द्या, त्यात राग होतो. नसेल द्यायचा तर ध्वनिफीत लावा, तीच करमणूक होईल. सनईचं तेच झालं आहे. बिस्मिल्ला खाँसाहेबांना २००१ साली भारतरत्न मिळालं, तोवर मंगल कार्यालयांत सनई कॅसेटवरच वाजू लागली होती. देवळात आरतीला विजेवरचा नगारा-झांज आली आणि चौघडेवाल्याचं हक्काचं काम गेलं. बासरीला अजून माणूस लागतो, कारण ती स्टेजवर दिसायला छान दिसते.

वादकांनीही बोलायला लाजू नये. वेळ, पट्टी, माइक, तबल्याची साथ कोण करणार, प्रवासखर्च, मानधन, या सहा गोष्टी आधी व्हॉट्सअ‍ॅपवर लिहून घ्याव्यात. पाकिटात तबलजीचं धरलं आहे की नाही हे स्टेजवरून उतरल्यावर कळण्यात काही मजा नाही.

आता कात्रणांचं, आणि हे थेट आपल्यासाठी. बासरीच्या कार्यक्रमाची बातमी येते ती अशी: सुमधुर बासरीवादनानं रसिक मंत्रमुग्ध. फोटोत प्रमुख पाहुणे, दोन संयोजक, पुष्पगुच्छ. कोणता राग वाजला, विलंबित कोणत्या तालात, द्रुत कोणत्या, तबल्यावर कोण, तंबोऱ्यावर कोण, किती वेळ, यातलं काही नसतं. हेच कात्रण मूल शिष्यवृत्तीच्या अर्जाला जोडतं, आणि ते पाहणाऱ्या समितीला त्यावरून फक्त एवढं कळतं की त्या दिवशी मान्यवर उपस्थित होते. आपल्या वार्ताहरांना एवढंच सांगावं की कार्यक्रम संपल्यावर वादकाकडे जाऊन राग, ताल आणि साथीदारांची नावं लिहून घ्यावीत. दोन मिनिटांचं काम आहे. जागा कमी पडत असेल तर 'मंत्रमुग्ध' काढा, तबलजीचं नाव बसेल.

आपले,
सांगली-मिरज आणि साताऱ्यातील काही बासरीवादक व शिक्षक